क्विल्बी गावचं एकमत

नेब्रास्काच्या माळावर क्विल्बी नावाचं एक गाव होतं. होतं म्हणायचं, कारण आता ते नाही. वावटळीनं नेलं नाही, टोळांनी खाल्लं नाही, पुरात वाहून जायला तिथं नदीच नव्हती. ते गाव भिडेपायी मेलं. अशा मरणाला दवाखान्यात नाव नाही, पण माळावर त्याची साथ असते.

तिथली जमीन इतकी सपाट, की उद्या येणारा पाहुणा आजच दिसायला लागतो. बटाटे किती उकडायचे याची घोर चिंता बायकांना कधी पडली नाही. आणि वारा? गावातल्या हँकनं एकदा आपला बार्न, म्हणजे लाकडी गोठा, तांबडा रंगवायला घेतला. दिवसभर ब्रश मारला. संध्याकाळी मागं सरकून बघतो तर बार्न होता तसाच पांढरा, आणि तीन मैलांवरचा शेजारी केक घेऊन दारात उभा. त्याचा बार्न फुकटात तांबडा झाला होता. ज्याला खोटं वाटेल त्यानं हँकला विचारावं, केकची ताटली अजून त्याच्याकडेच आहे.

गावाच्या पाटीवर लोकसंख्या चौदा लिहिलेली. प्रत्यक्षात माणसं सहा. बाकीची आठ गावाबाहेर क्रुसांखाली झोपलेली. पाटी बदलली तर त्यांना हाकलून दिल्यासारखं दिसेल, म्हणून कुणी हात लावला नाही.

तर सहा माणसं. राज्याचा नियम असा, की गाव म्हणवून घ्यायचं तर पाच पंच हवेत. व्हर्नाबाई सरपंच, वय चौऱ्याऐंशी, गुडघे त्याहून म्हातारे. दुसरा डेल, मक्याचा शेतकरी, मानेत आखडलेला. तिसरा-चौथा हँक आणि त्याचा भाऊ ऑर्विल. दोघंही बिनलग्नाचे आणि दोघांत मिळून दिवसाला एक वाक्य. पाचवा आपला प्रल्हाद वानखडे, मूळचा अकोल्याचा. सहावी डेलची बायको जॉयस. ती गावाची कारकून, आणि कारकुनाला पंच होता येत नाही. म्हणजे गावात पाच पुढारी आणि जनता एकटी जॉयस. पंचायतीवर टीका करायची, मोर्चा काढायचा, निवेदन द्यायचं आणि ते टाइप करून फायलीला लावायचं, सगळं तिच्याच माथी.

प्रल्हाद तिथं कसा पोचला? ज्वारीमुळं. ज्वारीच्या वाणांवर शिकलेला हा माणूस चाळीस वर्षांपूर्वी विद्यापीठातल्या नोकरीवर आला आणि बघतो तर काय, माळभर ज्वारी! तिला तिकडं माइलो म्हणतात आणि गुरांना घालतात. प्रल्हादनं पहिल्याच हिवाळ्यात तिची भाकरी थापली तेव्हा क्विल्बीत बातमी पसरली, की नवा डॉक्टर बैलाचं खातो. डेलचे वडील तेव्हा हयात होते. ते रात्री चोरून एक पोतं दारात ठेवून गेले. बिचाऱ्याला पगार पुरत नसेल, असं त्यांना वाटलं. प्रल्हादनं ते पोतं परत केलं नाही, विचारलंही नाही. पुढं दर सुगीला एक पोतं येत राहिलं. त्यानंतर त्यानं आणि त्याची बायको सीमा हिनं दुसरीकडं घर शोधलंच नाही.

सीमा तीन वर्षांपूर्वी गेली. जमीन लोखंडासारखी गोठली होती, तरी पाचही जण दारात उभे. कुणी रडलं नाही. हँकनं आवारातला बर्फ काढला, ऑर्विलनं तो परत एकदा काढला, व्हर्नाबाईंनी स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासली. संध्याकाळी जाताना डेल एवढंच म्हणाला, "उद्यापासून भोंगा तू वाजव."

भोंगा म्हणजे वावटळीचा इशारा देणारा. तो रोज दुपारी बाराला वाजवून बघायचा, ही तिकडची रीत. त्यासाठी पंचायतीच्या खोलीत एक बटण. प्रल्हाद रोज दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून ते बटण दाबायला जायचा. साडेअकराला घराबाहेर पडायचा, जणू मंत्रिमंडळाची बैठक. माणसाला जगायला काय लागतं? कुणाच्या तरी दिवसाची दुपार आपल्या बोटावर असावी, एवढंच. प्रल्हादला हे गाव राहायला हवं होतं ते एवढ्यासाठी. गाव गेलं तर पंच गेला, भोंगा गेला, आणि मग त्याची जगात कुणालाही गरज नव्हती. हे त्यानं स्वतःशीसुद्धा कधी मोठ्यानं म्हटलं नव्हतं.

उलट काय म्हणायचा ते ऐका.

रोज सकाळी सगळे एलेव्हेटरच्या, म्हणजे धान्याच्या उंच कोठाराच्या, पायथ्याशी असलेल्या खोलीत कॉफीला जमायचे. खोलीची किल्ली सहाही जणांकडे. पहिला येईल त्यानं कॉफी टाकायची. तिथं बसून प्रल्हाद कपाळावर हात मारायचा.

"काय सांगू! कालही फोन. पोरगी सोडतच नाही. बाबा ये, बाबा ये! अरे, मी काय लहान मूल आहे?"

"कॅलिफोर्नियातली?" व्हर्नाबाई विचारायच्या. मुलगी एकच, नैना. सांता क्लाराला कुठल्याशा कॉम्प्युटर कंपनीत. पण रोज विचारायच्या.

"तीच. खोली तयार करून ठेवलीय म्हणते माझ्यासाठी. खिडकीशी लिंबाचं झाड लावलंय. नातू रोज विचारतो, आजोबा कधी येणार? जीव नकोसा केलाय नुसता."

आता आपल्याकडचा कुणीही माणूस हे ऐकून काय ते ओळखेल. आपल्यात सुखाचं कौतुक करायचं तर त्याला आधी तक्रारीची टोपी घालावी लागते, नाहीतर दृष्ट लागते. "जावई फार लाड करतो हो, वैताग आलाय" असं म्हणणारी सासू वैतागलेली नसते. प्रल्हादनं त्या एका खोलीवर तीन वर्षांत तीन मजले चढवले, झाडाला लिंबं धरली, लिंबांचं लोणचं घातलं. खरं म्हणजे नैनानं त्याला बोलावलं होतं एकदाच, सीमाच्या दहाव्याला. बाकीचं सगळं कॉफीच्या वाफेवर शिजलेलं.

पण माळावरची माणसं सरळ. जे ऐकलं ते धरून बसली. बिचाऱ्याला मुलीकडं जायचंय, लिंबाखाली बसायचंय, आणि हा इथं अडकलाय. कशापायी? हा गेला तर पंच चार उरतील, गाव बुडेल. आपल्यापायी अडकलाय!

आणि गंमत बघा. ती माणसंही तिथं बसून हेच करायची.

"या हिवाळ्यात काही हे गाव तग धरत नाही," व्हर्नाबाई कपात बघत म्हणायच्या. "लिंकनला बहिणीच्या इमारतीत लिफ्ट आहे. बटण दाबलं की वर."

"इथं राहतो तो खुळा," डेल म्हणायचा.

"खुळाच," हँक. त्या दिवशीचं वाक्य संपलं.

प्रल्हादला वाटायचं, थकली बिचारी. यांना जायचंय, आणि सीमा गेल्यापासून माझ्याकडं बघून राहिलीत. चाळीस वर्षं तिथं राहून त्याला कळलं नाही, की त्यांच्यातही प्रेमाला तक्रारीची टोपी घालतात. आपल्याच घरची मांजर, पण दुसऱ्याच्या चुलीपाशी बसलेली ओळखू आली नाही. आणि थेट विचारायची सोय नाही. माळावर कुणाला "तुला नक्की काय हवंय?" असं विचारणं म्हणजे त्याच्या खिशात हात घालण्यासारखं.

असंच चाललं असतं तर सगळे एकमेकांवर उपकार करत सुखानं मेले असते. पण त्या साली पंचांची मुदत संपली, आणि जिल्ह्याच्या ठिकाणाहून एक तरुण अधिकारी आला. पायात नवे बूट, तोंडात च्युइंगम. म्हणाला, पाच नावं द्या, नाहीतर गाव मोडून टाका. मोडलंत तर रस्त्याचं, दिव्याचं आम्ही बघू. पाण्याची टाकी बंद होईल, भोंगाही. ठरवून कळवा.

तो गेला आणि सगळे आपापल्या कपात बघत बसले. आता नाव द्यायचं म्हणजे स्वतःचं द्यायला हवं, आणि क्विल्बीत स्वतःचं नाव पुढं करणारा माणूस जन्मलाच नव्हता. ऑर्विल तर बाप्तिस्म्याच्या वेळीही नाव सांगू देत नव्हता म्हणतात, म्हणून त्याला शेजारच्या बैलाचं ठेवलं.

शेवटी जॉयस म्हणाली, "चिठ्ठ्या टाकू. 'राहो' किंवा 'जावो.' कुणी काय लिहिलं ते कुणाला कळायला नको."

"जनतेचं म्हणणं रास्त आहे," डेल म्हणाला.

"जनतेनं सकाळी तुला अंडी करून घातली ती तू अजून रास्त म्हटली नाहीस," जॉयस म्हणाली आणि कागद फाडायला लागली. हसले सगळे.

कॉफीचा रिकामा डबा मधे ठेवला. प्रल्हादनं पेन्सिल हातात घेतली. 'राहो' लिहायचं हे त्यानं घरून ठरवून आणलं होतं. रस्ताभर म्हणत आला होता. समोर व्हर्नाबाई गुडघा चोळत बसल्या होत्या. हँक खिडकीबाहेर बघत होता. डेलला मान वळवता येत नव्हती म्हणून तो अख्खा वळून भिंतीकडं बघत होता. प्रल्हादच्या मनात आलं, प्रल्हाद, लाज वाटू दे. दुपारी एक बटण दाबायला मिळावं म्हणून चौऱ्याऐंशी वर्षांच्या बाईला तू बर्फात चालायला लावतोस? आणि त्याच्या पाठोपाठ एक लबाड विचार आला: आपण 'जावो' लिहिलं म्हणून काय बिघडतं? डेल थोडाच 'जावो' लिहिणार आहे! बापजाद्यांचं गाव त्याचं. बाकीचे 'राहो' लिहितील, गाव राहील, आणि आपल्याकडून मनाचा मोठेपणाही होऊन जाईल.

त्यानं 'जावो' लिहिलं. घडी घातली. डब्यात टाकली.

जॉयसनं डबा पालथा केला. पहिली चिठ्ठी उघडली. जावो. दुसरी. जावो. प्रल्हादनं डेलकडं बघितलं. डेलचा चेहरा पांढरा पडत चालला होता. तिसरी जावो, चौथी जावो. पाचवी उघडताना जॉयसचा हात थांबला, कारण ती तिची स्वतःची होती. ती तिनं वाचली नाही, नुसती खाली ठेवली. सहावी व्हर्नाबाईंची, वळणदार जुनं अक्षर. जावो.

शंभर वर्षांत क्विल्बीचं कशावरही एकमत झालं नव्हतं. चर्चला कुठला रंग द्यायचा यावरून दोन चर्च झाली होती. आणि आता हे.

"बरं," हँक म्हणाला.

"बरं तर मग," ऑर्विल म्हणाला. दोघांची मिळून दोन वाक्यं झाली, असं कधी झालं नव्हतं.

व्हर्नाबाईंनी प्रल्हादच्या हातावर हात ठेवला. हे तर त्याहून कधी झालं नव्हतं. "आता तू मोकळा झालास," त्या म्हणाल्या. "तीन वर्षं बघतोय आम्ही. रोज मुलगी बोलावते, रोज तू आमच्यासाठी नाही म्हणतोस. कुणी म्हटलं नाही तरी आम्हाला कळत होतं. जा आता. ते लिंबाचं झाड वाट बघत असेल."

प्रल्हादनं एकेकाकडं बघितलं. डेल मान हलवायचा प्रयत्न करत होता. जॉयस डोळे पुसत होती आणि चष्मा पुसते आहे असं दाखवत होती. चष्मा टेबलावर होता.

"आणि तुमची बहीण?" त्यानं कसंबसं विचारलं. "ती लिफ्ट?"

"लिफ्ट?" व्हर्नाबाई क्षणभर कोऱ्या झाल्या. "हो. आहे ना लिफ्ट." आणि मग अगदी हळू, "मला लिफ्टमध्ये गुदमरतं."

चिठ्ठ्या अजून टेबलावरच होत्या. जिल्ह्याला अजून कुणी कळवलं नव्हतं. बाजूला शेगडी पेटलेली. एवढंच कुणीतरी म्हणायचं होतं, "चला, ते कागद टाका आगीत, परत चिठ्ठ्या टाकू." चार शब्दांचं काम. सहा माणसं ते चार शब्द तोंडात धरून बसली. पण हे म्हणायचं म्हणजे 'मला हवंय' म्हणावं लागतं, आणि समोरच्यानं आपल्यासाठी केलेला त्याग त्याच्या तोंडावर परत फेकावा लागतो. कसा फेकणार? त्यांनी पोतं ठेवलं होतं दारात. पोतं परत करत नाहीत.

सगळे प्रल्हादकडं बघत होते. तो बोलला असता तर सगळे सुटले असते, हे त्याला दिसत होतं. त्यानं तोंड उघडलं.

"फार उपकार झाले तुमचे," तो म्हणाला. "पोरगी तर आता नाचेल नुसती."

जॉयसनं चिठ्ठ्या गोळा केल्या आणि लखोट्यात घातल्या.

त्या संध्याकाळी त्यानं नैनाला फोन लावला. मागं मिक्सर चालू, नातू अर्णव कशासाठी तरी ओरडत होता.

"बाबा? यू ओके?"

"मी येतोय, नैना."

"ओह, नाइस! किती दिवस?"

"कायमचा."

मिक्सर बंद झाला. अर्णवलाही कुणीतरी गप्प केलं असावं.

"बाबा... ओके. म्हणजे, ऑफ कोर्स. फक्त... खालच्या खोलीत माझं ऑफिस आहे ना आता. आणि माझे सासूसासरे श्रूजबरीहून येतायत सहा महिने, तिकीट बुक झालंय. कॅन वी टॉक इन द स्प्रिंग? प्लीज? तू असा अचानक..."

"अचानक कुठं? तू म्हणाली होतीस ना, आईच्या दहाव्याला. इथं एकटा राहू नको, चल."

"म्हणाले होते. तू नको म्हणालास, बाबा. यू सेड नो."

"अगं, एकदा नको म्हणतातच माणसं!"

मग नैना म्हणाली, आणि तिचा आवाज चिडलेला नव्हता, उलट रडवेला होता, "मला वाटलं नको म्हणजे नको. मी दोन रात्री रडले होते, बाबा. मी खोली रिकामी केली होती तेव्हा."

चूक पोरीची नव्हती. ती क्विल्बीत वाढलेली. पाहुणा नको म्हणाला की आणखी दोनदा वाढायचं असतं, हे तिला घरात कुणी सांगितलं नव्हतं. सांगायचं असतं हेच कुणाला सुचलं नव्हतं.

"बरोबर आहे तुझं," प्रल्हाद म्हणाला. "स्प्रिंगमध्ये बोलू."

आता गंमत अशी, की त्याला क्विल्बीत राहताही येईना. ज्याच्यासाठी गाव मोडलं तोच गावात दिसला तर बाकीच्यांनी तोंड कुठं लपवायचं? रविवारी चर्चच्या तळघरात निरोपाचं जेवण झालं. हॅम, जेलीचं सॅलड, आणि जॉयसनं स्वतः थापलेली माइलोची भाकरी. तिनं ती मक्याच्या केकसारखी भट्टीत भाजली होती, त्यामुळे ती तोडायला हँकनं खिशातला चाकू काढला. प्रल्हादनं तीन खाल्ल्या. सगळ्यांनी मिळून त्याला उन्हाची टोपी दिली. टोपी घालून तो गाडीत बसला. ते पाचही जण रस्त्यात उभे राहून हात हलवत राहिले, आणि जमीन तशी असल्यानं ते त्याला आरशात तासभर दिसत होते. मधे वळणार तरी कसा? पश्चिमेकडंच गाडी चालवावी लागली. ते ठिपक्याएवढे झाले तेव्हा कुठं त्यानं उत्तरेला गाडी घातली आणि मोठ्या फेऱ्यानं मॅडॉकला गेला. मॅडॉक म्हणजे जिल्ह्याचं ठिकाण, क्विल्बीहून तासाच्या अंतरावर. तिथं लॉन्ड्रोमॅटच्या, म्हणजे नाणी टाकून कपडे धुवायच्या दुकानाच्या, वर एक खोली भाड्यानं मिळाली. खिडकीतून पार्किंग दिसायचं.

जानेवारीत थंडी अशी पडली, की लोक नाक घरी ठेवून बाहेर पडायचे. प्रल्हाद दुकानात दूध आणायला गेला होता. डब्यांच्या रांगेतून वळला आणि समोर डेल. हातात मटारचा डबा. मधे दहा हातांचं अंतर.

डेलनं त्याला बघितलं. अगदी सरळ, नीट बघितलं. तो कोट, ती काठी, टोपलीत एक अर्धा लिटर दूध, एकट्या माणसाचं. मग डेल आपल्या त्या आखडलेल्या मानेसकट अख्खा वळला, मटारचा डबा डोळ्यांशी धरून त्याच्यावरचं बारीक अक्षर वाचत उभा राहिला. वाचतच राहिला. प्रल्हाद गेला की नाही हे बघायलाही तो वळला नाही. प्रल्हाद दूध जागच्या जागी ठेवून दुकानाबाहेर आला.

दोनच दिवसांनी व्हर्नाबाईंचा फोन. त्या लिंकनला बहिणीकडं होत्या. लिफ्टमध्ये एकदा अडकल्याचं त्यांनी हसत सांगितलं. बहीण दिवसभर टीव्ही लावते, जीव नकोसा केलाय म्हणाल्या. या वेळी प्रल्हादला कळलं, की ही टोपी नाही, खरीखुरी तक्रार आहे.

"आणि तू?" त्यांनी विचारलं. "मुलगी बरी आहे?"

"हो, हो. जीव नकोसा केलाय नुसता."

"ऊन असेल छान."

"भरपूर. टोपी घालूनच बसलोय झाडाखाली."

नेमका त्याच वेळी खिडकीखालून बर्फ ओढणारा नांगर गेला. लोखंड डांबरावर घासत, टीं टीं करत, सगळी खोली हादरवत. माळावरच्या असल्या नांगराचा आवाज व्हर्नाबाईंनी आयुष्यभर ऐकला होता. प्रल्हादनं फोनवर हात दाबला, पण उशीर झाला होता. नांगर गल्लीच्या टोकाला गेला.

"समुद्र अगदी जवळ दिसतोय तुझ्या," व्हर्नाबाई म्हणाल्या.

"हो," प्रल्हाद म्हणाला. "अगदी खिडकीशी."